दोन वायरींचा पीळ

पावसाळ्यात उभ्या गाडीत उंदीर शिरतो आणि वायरी कुरतडतो, हे सोसायटीत राहणाऱ्या कुणालाच नवं नाही. माझ्या गाडीतही शिरला. गॅरेजमधल्या वायरमनने कुरतडलेल्या पाच-सहा वायरी शोधल्या, जोडल्या, टेप गुंडाळली. हॉर्न वाजला, दिवे लागले, काचा खाली-वर झाल्या. एकच दुखणं उरलं. गाडीच्या चारी बाजूंचं चित्र दाखवणारा पडदा मधूनच काळा पडायचा, आणि तेही जास्त करून वायपर चालू असताना.

त्या पडद्याकडे जाणारी वायर म्हणजे शाईच्या रिफिलपेक्षाही बारीक दोन वायरींची जोडी होती, वेणीसारखी एकमेकींभोवती पिळलेली. उंदराने खाल्लेला वीतभर भाग कापून टाकून वायरमनने तिथे साध्या वायरचे दोन तुकडे लावले होते. टेस्ट लॅम्प लावून पाहिला तर तो पेटेना. मल्टिमीटर लावला तर जोडणी अगदी पक्की. “साहेब, वायर तर ओके आहे,” तो म्हणाला. मल्टिमीटरच्या हिशेबाने त्याचं बरोबर होतं. पण ही जोडी बल्ब पेटवण्यासाठी ओढलेलीच नव्हती. सेकंदाला १० कोटी शून्य-एक या टोकाकडून त्या टोकाला, आणि त्याच वेळी तितकेच उलट दिशेला, ही तिची नोकरी.

या जोडीच्या दोन्ही टोकांना, दोन वेगवेगळ्या डब्यांत, नखाएवढी एकेक चिप बसलेली असते. ती इथरनेटची ट्रान्सीव्हर चिप. ट्रान्समीटर आणि रिसीव्हर मिळून ट्रान्सीव्हर. या धंद्यातले लोक तिला नुसतं ‘फाय’ म्हणतात, ‘फिजिकल लेयर’ या शब्दांचा तो शॉर्टकट. प्रोसेसरला शून्य आणि एक कळतात, वायरला व्होल्टेजचे चढउतार कळतात. फाय त्या दोघांमधली दुभाषी. गाडीच्या जाहिरातीत पडद्याचे इंच येतात, कॅमेऱ्यांची संख्या येते, हिचं नाव कधी येत नाही. वायर स्वस्त, हलकी आणि साधी राहावी म्हणून सगळी मेहनत मात्र हिनेच अंगावर घेतली आहे.

ही वेळ का आली, ते पाहायला थोडं मागे जावं लागेल. एके काळी गाडीत प्रत्येक बटणापासून प्रत्येक दिव्यापर्यंत, प्रत्येक मोटारीपर्यंत स्वतंत्र वायर जायची. सोयी वाढल्या तसा वायरींचा जुडगा मनगटाएवढा जाड होऊ लागला. जर्मनीतल्या बॉश कंपनीने १९८३ मध्ये यावर काम सुरू केलं आणि १९८६ मध्ये डेट्रॉइटच्या परिषदेत ‘कॅन’ नावाची पद्धत मांडली. सगळे डबे एकाच जोडीवर टांगायचे, ज्याचा निरोप जास्त महत्त्वाचा त्याला आधी बोलू द्यायचं. १९९१ च्या मर्सिडीज एस-क्लासमध्ये कॅन आलं आणि आज ते जवळजवळ प्रत्येक गाडीत आहे. मूळ कॅनच्या एका निरोपात जास्तीत जास्त ८ बाइट मावतात. दार उघडं आहे, इंजिन इतकं तापलंय, डावं चाक इतक्या वेगाने फिरतंय, एवढं सांगायला ते पुष्कळ झालं.

नंतर गरजेप्रमाणे आणखी जाळी आली. काच आणि आरशाच्या मोटारींसाठी स्वस्त लिन, सुरक्षेच्या कामांसाठी फ्लेक्सरे, गाणी आणि व्हिडिओसाठी प्लास्टिकच्या प्रकाशतंतूंचं वर्तुळ करणारं मोस्ट. या मोस्टची एक गंमत म्हणजे वर्तुळात कुठेही एक कडी तुटली की सगळीच मैफल बंद. एकाच गाडीत चार भाषा बोलणारी चार घरं, आणि मध्ये भाषांतर करणारे डबे, असा तो संसार झाला.

अडचण पहिल्यांदा टोचली ती गॅरेजमध्ये. गाडीत सॉफ्टवेअर वाढलं होतं आणि सर्व्हिसिंगच्या वेळी ते बदलावं लागे. हिशेब करून बघा. एक गिगाबाइट म्हणजे ८०० कोटी बिट. गाड्यांमधलं कॅन बहुधा सेकंदाला ५ लाख बिटने चालतं. म्हणजे १६,००० सेकंद, साडेचार तास. त्यात कॅनच्या निरोपातली निम्मी जागा पत्ता, तपासणी वगैरे सोपस्कारांत जाते, म्हणजे खरे नऊ तास धरायचे. तेवढा वेळ गाडी गॅरेजात जागा अडवून उभी. म्हणून बीएमडब्ल्यूने २००८ च्या सुमारास सेव्हन सीरिजमध्ये चक्क ऑफिसातलं इथरनेट आणून बसवलं. नऊ तासांचं काम काही मिनिटांवर आलं.

पण ते इथरनेट गाडी उभी असतानाच वापरायचं होतं. चालत्या गाडीत का नाही? ऑफिसातल्या निळ्या किंवा करड्या केबलमध्ये आठ वायरी असतात, चार जोड्या. १० कोटी बिटच्या वेगाला त्यांतल्या दोन लागतात, एक जायला, एक यायला. टोकाला असतो तो टिचकीने बसणारा पारदर्शक प्लास्टिकचा कनेक्टर. खड्ड्यांतून गेलेल्या गाडीत तो किती दिवस टिकेल, हे मी सांगायला नको. त्याहून मोठी अडचण अदृश्य होती. इतक्या वेगाने हिसके देणारी वायर स्वतःच एक छोटं प्रक्षेपण केंद्र होते, आणि तिच्यापासून हातभर अंतरावर गाडीतल्या रेडिओचा अँटेना असतो. ८८ ते १०८ मेगाहर्ट्झच्या पट्ट्यात वायरने खरखर सांडली की बातम्या ऐकणाऱ्या गिऱ्हाइकाची तक्रार आलीच. वायरीवर धातूची जाळी चढवली तर खरखर थांबते, पण वजन आणि किंमत दोन्ही वाढतात. वायरिंग हार्नेस हा आधीच गाडीतल्या सर्वांत जड आणि महाग भागांपैकी एक, आणि आजही तो मोठ्या प्रमाणावर माणसांच्या हातांनीच गुंफला जातो. तिथे प्रत्येक जादा वायर खर्चाला येते.

म्यूनिकमधल्या बीएमडब्ल्यूच्या इंजिनिअरांना हवी होती ती जाळी नसलेली, साधी, एकच पिळलेली जोडी. तिच्यावर १० कोटी बिट, दोन्ही दिशांना, आणि रेडिओला धक्का न लावता. ब्रॉडकॉम या अमेरिकन चिप कंपनीकडे ‘ब्रॉडआर-रीच’ नावाचं तंत्र होतं, तेच या कामी आलं. मग एक शहाणपणाचा निर्णय झाला. एका कंपनीचं तंत्र एकाच कंपनीच्या मुठीत राहिलं तर बाकीचे त्याला हात लावणार नाहीत, म्हणून २०११ मध्ये बीएमडब्ल्यू, ब्रॉडकॉम, एनएक्सपी, फ्रीस्केल, हरमन आणि ह्युंदाई यांनी मिळून ‘ओपन अलायन्स’ उभारली. २०१३ च्या बीएमडब्ल्यू एक्स-५ मध्ये चारी बाजूंच्या कॅमेऱ्यांसाठी ही जोडी रस्त्यावर उतरली. २०१५ मध्ये आयईईई या संस्थेने तिला रीतसर मानक केलं, ‘१००बेस-टी१’ या नावाने. शंभर म्हणजे वेग, आणि शेवटचा एक म्हणजे एकच जोडी. अंतराची मर्यादा १५ मीटर. गाडीला तेवढं पुरून उरतं.

आता मुख्य करामत. दोन वायरींवर हे जमतं कसं?

पहिली युक्ती हिसके कमी करण्याची. साधा मार्ग म्हणजे एकाला एक व्होल्टेज आणि शून्याला दुसरं. ही चिप तीन पातळ्या वापरते: अधिक, शून्य आणि उणे. अशी दोन चिन्हं शेजारी ठेवली की ३ गुणिले ३, म्हणजे ९ जोड्या तयार होतात. तीन बिटांच्या शक्यता ८. म्हणजे दर दोन चिन्हांत तीन बिट बसवले तरी एक जोडी शिल्लक उरते. शून्य-शून्यची ती जोडी निरोप कुठे सुरू झाला, कुठे संपला याच्या खुणेसाठी कामी येते. घासाघीस करून घेतलेल्या भाजीवर वर कोथिंबीर मिळावी तसं. परिणाम असा की सेकंदाला १० कोटी बिट पाठवायला वायरला फक्त ६ कोटी ६७ लाख वेळा हलावं लागतं. ऑफिसातलं त्याच वेगाचं इथरनेट १२ कोटी ५० लाख वेळा हलतं. हिसके कमी, म्हणून रेडिओच्या पट्ट्यात सांडणारी ऊर्जाही कमी.

यातलं एक चिन्ह वायरवर १५ नॅनोसेकंद राहतं. तांब्याच्या अशा जोडीत संदेश नॅनोसेकंदाला साधारण २० सेंटिमीटर सरकतो. म्हणजे एक चिन्ह ३ मीटर लांबीचं झालं. पंधरा मीटरच्या वायरवर कुठल्याही क्षणी पाच चिन्हं जात असतात आणि पाच येत असतात, एकाच तांब्यावरून, एकमेकांच्या अंगातून.

इथे दुसरी आणि माझ्या दृष्टीने सगळ्यात देखणी युक्ती येते. दोन्ही टोकं एकाच वेळी बोलतात. मग ऐकतं कोण? गणपतीच्या मिरवणुकीत ढोल वाजवणाऱ्याला विचारा. त्याच्या पोटाला बांधलेला ढोल त्याच्या कानात दणाणत असतो, तरी पलीकडच्या रांगेतल्या ताशाची लय त्याला बरोबर सापडते. आपला ठोका कधी पडणार हे त्याला आधीच ठाऊक असतं, म्हणून कान तो वजा करतो. फाय नेमकं हेच करते. आपण आत्ता काय पाठवलं हे तिला माहीत असतं. वायरवरच्या एकूण व्होल्टेजमधून ती ते वजा करते, आणि उरतं ते समोरच्याचं.

मात्र नुसतं वजा करून भागत नाही. मध्ये कनेक्टर असतात, आणि प्रत्येक कनेक्टरपाशी आपल्याच आवाजाचा थोडा भाग माघारी फिरतो. डोंगरातल्या किल्ल्यावर हाक मारली की येतात तसे हे प्रतिध्वनी: एक जवळच्या कड्यावरून, एक लांबच्या. चिपमध्ये त्यासाठी एक शिकणारा गाळणा असतो. कुठून किती नॅनोसेकंदांनी किती प्रतिध्वनी येतो याचा अंदाज तो बांधतो, उरलेल्या चुकीकडे बघून अंदाज सुधारतो आणि हे अखंड करत राहतो. अखंड का, तर वायर बदलत असते. सकाळी गारठलेली, दुपारी बॉनेटखाली तापलेली, वळणावर ताणलेली. सकाळी शिकलेला धडा दुपारी जुना झालेला असतो.

तिसरं काम म्हणजे झिजलेल्या चिन्हांना आकार देणं. लांबून येताना कडक कडा असलेली चिन्हं पसरट होतात, एकाची शेपटी दुसऱ्यावर चढते. तीही गणिताने सोडवायची. शिवाय दोन्ही टोकांची घड्याळं जुळावी लागतात, म्हणून एक टोक म्होरक्या ठरतं आणि दुसरं त्याच्या ठेक्यावर आपलं घड्याळ लावून घेतं. ऑफिसात म्होरक्या कोण हे दोन यंत्रं आपसांत बोलून ठरवतात आणि त्यात चांगले दोन-तीन सेकंद घालवतात. गाडीत ते कारखान्यातच ठरवून दिलेलं असतं, कारण चावी फिरवल्यावर १०० मिलिसेकंदांच्या आत जोडणी उभी राहायला हवी. रिव्हर्स गिअर टाकल्यावर पडद्यावर गोल फिरणारं चाक कोण बघत बसेल?

आणि पीळ? आपल्याकडे सुंभ जळला तरी पीळ जळत नाही म्हणतात ते हट्टी माणसाला चिडवायला. इथे पिळाचा हट्टच उपयोगी आहे. जोडीतल्या एका वायरवर जे व्होल्टेज असतं त्याच्या बरोबर उलटं दुसरीवर असतं, आणि पलीकडची चिप फक्त दोघींमधला फरक वाचते. बाहेरून आलेला गोंगाट दोघींवर सारखाच चढला तर फरकात तो दिसतच नाही. सारखा चढावा म्हणूनच त्या पिळायच्या: क्षणभर ही गोंगाटाच्या जवळ, क्षणभर ती. त्याच न्यायाने दोघींमधून बाहेर पडणाऱ्या लहरीही एकमेकींना खोडून काढतात आणि रेडिओ शांत राहतो.

माझ्या गाडीतलं कोडं इथेच सुटतं. वीतभर साध्या तुकड्यामुळे जे प्रतिध्वनी वाढतात ते चिप बहुतेक सांभाळून घेते. ३ मीटर लांबीच्या चिन्हापुढे वीत म्हणजे काहीच नाही. पण त्या वीतभर जागेत दोन वायरी जुळ्या राहिल्या नव्हत्या. एक पत्र्याला लागून गेलेली, दुसरी वर फुगलेली. शेजारून वायपरच्या मोटारीची वायर जात होती. मोटार फिरली की तिच्या ठिणग्यांचा गोंगाट एकीवर जास्त आणि दुसरीवर कमी चढायचा, आणि वजाबाकीनंतर उरायचा. तीन पातळ्यांमधलं अंतर आधीच कमी. थोडा गोंगाट झाला की शून्य कुठलं आणि उणे कुठलं हे चिपला कळेनासं होतं. काही वेळ ती रेटते, मग जोडणी सोडून नव्याने सुरुवात करते. तेवढा वेळ पडदा काळा.

ही सगळी कामं चिपने कुठल्या परिस्थितीत करायची, तेही बघण्यासारखं आहे. गाडीतल्या चिप्ससाठी एईसी-क्यू१०० नावाची परीक्षा असते. तिच्या एक नंबरच्या वर्गात उणे ४० ते १२५ अंश सेल्सिअसपर्यंत चिपने बिनतक्रार चालायचं असतं. पाणी उकळून वाफ झालं तरी ही शिकतेच आहे. विद्युतचुंबकीय गोंगाटाची परीक्षा वेगळी: भिंतींवर लहरी शोषणारे टोकदार शंकू लावलेल्या बंद खोलीत आधी वस्तू किती गोंगाट करते ते ऐकायचं, मग तिच्यावर मुद्दाम गोंगाट सोडायचा. वाहनांच्या अशा चाचण्या पुण्यात एआरएआय करते. टेकडीवर फिरायला जाणाऱ्या कोथरूडकरांना तिचं फाटक ओळखीचं आहे, आत काय चालतं ते बहुधा नाही.

एक गोष्ट मला सुरुवातीला कळली नव्हती. ही चिप प्रोसेसरच्या आतच का बसवत नाहीत? एक डाग कमी, एक जागा कमी. कारण असं की प्रोसेसरचे भाग वर्षागणिक बारीक होत जातात, पण वायरवर व्होल्टेज ढकलणारा, कुणाच्या बोटातून उडालेली स्थिर विजेची ठिणगी अंगावर घेणारा भाग तसा बारीक करता येत नाही. त्याला थोडं दणकटच राहावं लागतं. म्हणून प्रोसेसर एका कारखान्यातून, फाय दुसऱ्या.

झोपेचाही प्रश्न आहे. सांगायला काही नसलं तरी या जोडीवरची दोन्ही टोकं रिकामी चिन्हं पाठवत राहतात, घड्याळ आणि गाळणा जागे राहावेत म्हणून. गाडी सुट्टीत तीन आठवडे उभी राहिली तर यात बॅटरी उतरेल. त्यासाठी ओपन अलायन्सने झोपण्याचे आणि जागं करण्याचे नियम ठरवले. एक चिप डुलकी घेते तेव्हा शेजारणीला सांगून घेते, आणि जागी झाली की त्याच दोन वायरींवरून तिलाही हलवते. वेगळी वायर लागत नाही. पुन्हा तेच: वायर वाचवा, काम चिपच्या गळ्यात घाला.

२०१६ मध्ये गिगाबिटचं मानक आलं, तीच एक जोडी, दहापट वेग. तिथे चिन्ह ३ मीटरवरून एकदम २७ सेंटिमीटरवर येतं, वितेहून थोडं जास्त. इथे चुका होणारच हे गृहीत धरलेलं असतं. दर ४०६ घटकांमागे ४४ जादा घटक पाठवले जातात आणि त्यांच्या जोरावर २२ पर्यंत घटक बिघडले तरी मूळ निरोप परत मिळतो. हे रीड-सॉलोमन गणित आपण रोज वापरतो: भाजीवाल्याच्या गाडीवरचा डाग पडलेला, कोपरा फाटलेला क्यूआर कोड मोबाइल वाचतो तो याच गणिताने. गिगाबिटवर चालणाऱ्या वायरीला मात्र उंदीर लागला असता तर आमच्या वायरमनची वीतभर जोड अजिबात चालली नसती. २०२० मध्ये वेग १० गिगाबिटपर्यंत गेला, तीनऐवजी चार पातळ्या आल्या, आणि वायरीवर धातूची जाळी चढवावीच लागली. २०२३ च्या मानकात तो २५ गिगाबिट झाला, पण अंतर ११ मीटरवर आलं. म्हणजे काटकसरीला एक टोक असतं, आणि ते इथे आहे.

म्हणूनच गाडीतलं सगळं आता इथरनेट होणार, कॅन संपलं, अशा मथळ्यांवर माझा फारसा विश्वास नाही. साध्या एचडी कॅमेऱ्याचं चित्र न दाबता पाठवायचं तर सेकंदाला साधारण १५० कोटी बिट होतात. ते दाबावं तर वेळ जातो आणि बारकावे पुसले जातात. म्हणून आजही बऱ्याच गाड्यांमध्ये कॅमेऱ्यापासून मेंदूपर्यंत एकेरी वाहतुकीच्या वेगळ्याच जोडण्या वापरतात; कॅमेऱ्याला बोलायचं खूप असतं, ऐकायचं थोडं. इथरनेट दोन्ही बाजूंना सारखा रुंद रस्ता बांधतं, त्यातला अर्धा इथे ओस पडतो आणि चिप उगाच तापते. दोन दिशांना वेगवेगळा वेग असलेलं मानक तयार करण्याचं काम आयईईईमध्ये चालू आहे. आणि काच वर करणाऱ्या मोटारीला इथरनेट कशाला हवं? तिचं लिनवर छान चाललंय.

तरीही खालच्या बाजूलाही इथरनेट उतरू पाहतंय, आणि तिथली गोष्ट मजेदार आहे. इथरनेटचा जन्म १९७३ मध्ये कॅलिफोर्नियात झेरॉक्सच्या संशोधन केंद्रात झाला. रॉबर्ट मेटकाफ आणि डेव्हिड बॉग्ज यांनी एका लांब केबलवर सगळे संगणक टांगले होते. विश्व भरून राहिलेला ईथर जुन्या भौतिकशास्त्रज्ञांनी कल्पिला होता, त्यावरून नाव. कुणीही कधीही बोलावं, दोघे एकदम बोलले तर दोघांनी गप्प होऊन थोड्या वेळाने पुन्हा प्रयत्न करावा, असा मामला. पुढे ऑफिसांनी ती सामायिक केबल सोडली आणि प्रत्येक यंत्राला स्वतंत्र वायर दिली. २०१९ च्या ‘१०बेस-टी१एस’ मानकाने गाडीत ती सामायिक वायर परत आणली: एकाच जोडीवर अनेक डबे, वेग १ कोटी बिट. फक्त गोंधळ काढून टाकला. पंगतीत वाढपी एका टोकाने निघतो तशी पाळी फिरते. हवं त्याने घ्यावं, नको त्याने हात आडवा करावा, लगेच पुढचं पान. हात आडवा करायला नखभर वेळ लागतो, त्यामुळे गर्दी नसली की कुणी ताटकळत नाही. पार्किंगचे सेन्सर, दाराच्या कडेचे रंगीत दिवे अशा बारक्या मंडळींसाठी ही पंगत आहे.

वेगाइतकीच वेळही महत्त्वाची. ताशी १२० किलोमीटरने जाणारी गाडी १० मिलिसेकंदांत ३३ सेंटिमीटर पुढे सरकते. रडारने पाहिलेला ट्रक आणि कॅमेऱ्याने पाहिलेला ट्रक एकच आहे हे ठरवायचं तर दोघांची घड्याळं जुळलेली हवीत. त्यासाठी पोस्टाच्या शिक्क्यासारखी वेळेची मोहोर निरोप वायरवर पडतो त्या क्षणाच्या शक्य तितकी जवळ मारायची, आणि त्यासाठी फायपेक्षा जवळची जागा नाही. सगळ्या गाडीची घड्याळं एका मायक्रोसेकंदाच्या आत राखता येतात.

सुरक्षिततेचं लोण आता या नखाएवढ्या चिपपर्यंत आलं आहे. २०१५ मध्ये चार्ली मिलर आणि ख्रिस व्हॅलासेक या दोघांनी घरबसल्या महामार्गावरची जीप चेरोकी ताब्यात घेऊन दाखवली आणि कंपनीला १४ लाख गाड्यांचं सॉफ्टवेअर बदलावं लागलं. कॅनला बोलणारा खरा की तोतया हे ओळखण्याची सोयच नव्हती. इथरनेटच्या काही नव्या फाय चिप्स वायरवर जाणारा प्रत्येक निरोप कुलूप लावूनच पाठवतात.

धंद्याचा आकार सांगायला एकच व्यवहार पुरे. २०२५ मध्ये जर्मनीच्या इन्फिनियनने मार्व्हेल या कंपनीचा फक्त गाड्यांच्या इथरनेटचा विभाग अडीच अब्ज डॉलर्सना घेतला. या चिप्सवर चालणारं सॉफ्टवेअर लिहिणारे आणि तपासणारे कितीतरी लोक हिंजवडीत रोज ट्रॅफिकमध्ये अडकलेले असतात.

त्यांच्यातल्याच एका ओळखीच्या इंजिनिअरला मी माझ्या पडद्याचं रडगाणं सांगितलं. त्याने पहिलाच प्रश्न केला, “जोड देताना पीळ ठेवला होता का, काका?” मग त्याने सांगितलं की वायर तुटली असेल तर चिपला ते स्वतःलाच शोधता येतं. ती एक ठोका पाठवते आणि प्रतिध्वनी किती नॅनोसेकंदांनी आला ते मोजते. १५ नॅनोसेकंदांनी आला तर दीड मीटरवर दोष. वायर तुटली असेल तर प्रतिध्वनी सुलटा येतो, दोन वायरी एकमेकींना चिकटल्या असतील तर उलटा. आणि नुसती प्रकृती बिघडली असेल तर शून्य ते सात असे गुण चिप स्वतःच्या जोडणीला देते. आमच्या गॅरेजात ते गुण वाचायचं यंत्र नव्हतं.

वायरमनने ऐकून घेतलं, काही बोलला नाही. मागच्या खोलीत भंगारात पडलेल्या एका हार्नेसमधून त्याने पिळलेली जोडी कापून आणली. साधे तुकडे काढले, जोडाजवळ वायरी जेमतेम नखभर उकलल्या, डाग दिला, आणि टेप लावण्याआधी उरलेला भाग चिमटीत धरून पुन्हा पिळला. मग गाडी चालू केली, रिव्हर्स टाकला, वायपर लावला आणि पडद्याकडे बघत उभा राहिला. चित्र हललं नाही. सवयीने त्याने मल्टिमीटर पुन्हा एकदा लावून पाहिला. आकडा आधी होता तोच.